पाचव्या पानावरच्या चार ओळी

विश्राम केळुसकरांचं तिसरं पुस्तक
माझ्याकडे टायपिंगला आलंय.
दोनशे बारा पानं, निळ्या शाईची,
कोपऱ्यांना सोलकढीचे डाग.

वेंगुर्ल्याच्या बाजारात माझं झेरॉक्सचं दुकान.
त्याआधी बावीस वर्षं
त्यांच्याच दैनिकात मी पानं लावली.
म्हणजे काय, तर आधी जाहिरात बसवायची,
मग उरलेल्या भोकांत जग.

पहिल्या पुस्तकात त्यांनी हे मोजलं होतं, पट्टी घेऊन.
साहेबांच्या वाढदिवसाला किती चौरस सेंटिमीटर,
बंद पडलेल्या बर्फाच्या कारखान्याला किती.
एकाच धक्क्याचं उद्घाटन तीनदा,
तिन्ही फोटोंत मागे तेच चेहरे,
फक्त गळ्यातल्या उपरण्याचा रंग वेगळा.
लोक हसले. साहेबही हसले म्हणे,
आणि दीडशे प्रती विकत घेऊन वाटल्या.

दुसऱ्यात शाली होत्या.
एकोणीस शाली, प्रत्येकीची तारीख,
आणि त्या तारखेनंतर न छापलेली बातमी.
प्रकाशन वाचनालयात होतं,
पण किल्ली ऐन वेळी सापडली नाही.
मग बंदरावर, जाळी सुकवतात तिथे,
सव्वीस माणसं नि एक खरखरणारा माईक.

तिथे शेवंती मोरजे उठली.
सुकटीची टोपली बाजूला सारून म्हणाली,
"लिवलंस ता बरा केलंस.
पण माझ्या घोवाचा नाव खंय आसा?"

पान एक्क्याऐंशी:
'मंत्र्यांच्या दौऱ्याच्या बातमीसाठी
वादळाचा इशारा मागे ठेवला गेला.
एक खलाशी बुडाला.'
ठेवला गेला. कर्ता नाही.
एक खलाशी. नाव नाही.
दैनिकातही तसंच होतं, पाचव्या पानावर, चार ओळी,
वर ट्रॅक्टर, खाली दंतमंजन.

केळुसकर खाली बसले.
दीपगृहाचा दिवा लागेपर्यंत बसून होते,
आणि मी त्यांची स्कूटर धरून उभा.

आता हे तिसरं.
पहिलीच ओळ: सावळाराम ऊर्फ बाबलो मोरजे,
वय चौतीस, राहणार उभादांडा.
मग त्यांची स्वतःची पाकिटं.
गणपतीतलं पाचशेचं,
आचारसंहितेतलं पाच हजारांचं,
मुलीच्या नर्सिंगच्या प्रवेशासाठी कुणीतरी केलेला फोन,
त्याची किंमत त्यांना लावता आलेली नाही.
तिथे त्यांनी मोकळी जागा सोडलीय,
समासात मला सूचना: भरू नये.

पान एकशे चाळीस.
'त्या रात्री इशारा पहिल्या पानावर होता.
साडेदहाला फोन आला. मी हो म्हणालो.
पान लावणाऱ्याने बातमी उचलली.'

पान लावणाऱ्याने.

बोटं की-बोर्डवर थांबली.
काउंटरवर कोणीतरी आधार कार्डाच्या दोन प्रती मागत होतं.
मला आठवतं, बातमी उचलल्यावर तिथे
बारा सेंटिमीटरचं भोक पडलं होतं.
त्यात मी साहेबांचं हसणं
थोडं ताणून बसवलं होतं.

प्रती काढून दिल्या, चार रुपये घेतले.
मग 'पान लावणाऱ्याने' खोडलं
आणि लिहिलं: रघुवीर सीताराम गिरपने.

प्रूफ घेऊन गेलो तेव्हा केळुसकरांनी
नावाभोवती लाल गोल केला.
बाजूला बारीक अक्षरात:
गरज नाही. तू नोकर होतास.

बाबलोही नोकरच होता, दुसऱ्याच्या होडीवर.

रात्री बसून सगळ्या चुका दुरुस्त केल्या.
ऱ्हस्व-दीर्घ, तुटलेले रफार,
एके ठिकाणी 'संपादक' चा 'संपदक' झाला होता, तोही.

लाल गोलातली ती एक
तशीच राहू दिली.