केस

पाकिटावर लिहिलं: केस क्रमांक एकशे चौदा.
आत दोरवालिनाच्या मानेमागची बट,
मुळाकडच्या टोकाला लाल दोरा.

"केस महिन्याला सेंटीमीटरभर वाढतो," मी म्हणाले.
"म्हणजे तीन वर्षं पाठीवर घेऊन हिंडतेय मी,"
ती हसली. चुलीवर तुकुनारे मासा चरचरत होता,
घराच्या खांबांमधून तापाजोस नदी.

प्रयोगशाळेत महिने कापले एकेक.
जून साधा. जुलैही.
ऑक्टोबरात पाऱ्याचा आकडा
एकदम वर.

"ऑक्टोबरात पाणी ओसरतं," ती म्हणाली,
"मासा हाताने धरावा इतकं.
तेव्हा पोटभर जेवलो.
तेव्हाच हा पोटात होता."
हा, मांडीवरचा सिल्वानू,
अजून मान न धरलेला.

केसाने गळा कापतात म्हणे.
इथे केस फक्त साक्षीला आला.

मी तक्ता दिला: फळं खाणारा मासा खा,
मासे खाणारा नको.
तिने तो उलटसुलट पाहिला,
मग मानेमागे, कापल्या जागी, बोट फिरवलं:

"नदीच्या वरच्या अंगाला सोनं धुतात,
पारा ओततात,
त्यांची बट
घेतलीत का कुणी?"