रीडिंग

दांडिया बाजारात मीटरच्या पेटीला हात लावण्याआधी
मी दोनदा टकटक करतो.
वीज कंपनीच्या नियमात हे नाही.
आत पाल असते.
आणि मीटरच्या पाठीमागे, उबेला,
दोन अंडी, पेपरमिंटच्या गोळ्यांसारखी.
पुढे चक्र फिरतं, मागे पिलं निघतात.
ही ऊब कुणाच्या बिलात लावायची
ते एकवीस वर्षांत मला कुणी सांगितलेलं नाही.

पत्ते मला असेच पाठ झाले.
खासगीवाल्यांचा बोळ : शेपूट तुटलेली,
दर खेपेला थोडी जास्त खरी.
हर्षिदाबेनचा जिना : दोन, एकमेकींचं तोंड न बघणाऱ्या.
प्रतापगंजात भिंतीवर सरडा,
मान खालीवर, खालीवर,
मी आकडा बरोबर उतरवतोय का ते बघत.
त्याची धाव कुंपणापर्यंत, म्हणतात.
रस्ता रुंद झाला तेव्हा ते कुंपण दोनदा मागे सरकलं
आणि तोही सरकला, तक्रार न करता.
मी तक्रार केली होती. बदली समाला झाली.

समाच्या पुढे एक प्लॉट अजून रिकामा,
बाभळी, फुटका कमोड, कमोडावर उन्हात घोरपड.
वॉचमन तिला पाटला घो म्हणतो.
ती दोन्ही नावांना ओ देत नाही.
माझं आडनाव घोरपडे, हे मी त्याला सांगितलं नाही.
आमच्या घरात कडे चढल्याच्या गोष्टी फार.
मी चढलो ते जिने.

विश्वामित्री ज्या वर्षी सोसायट्यांत शिरली
त्या वर्षी वडसरला, पाणी ओसरल्यावर,
पार्किंगमध्ये, बरोबर मीटरच्या भिंतीखाली,
मगर.
नऊ फूट. तोंड एका स्कूटरच्या खाली,
जणू ऑइल गळतंय का ते बघतेय.
वर गॅलऱ्यांत सगळे मोबाईल घेऊन उभे.
पहिल्या मजल्यावरून कुमुदिनीबाई तिला समजावत होत्या,
'बाई, इथं नको गं, इथं मुलं खेळतात.'
मी मशीन काढलं. न वाचता येण्याची कारणं त्यात आधीच भरलेली :
घर बंद. मीटर बंद. कुत्रा.
मगर नव्हतं.
मी कुत्रा दाबलं.

मग ती पोरं आली, दोरी, चिकटपट्टी, ओलं पोतं.
पोतं डोळ्यांवर टाकलं की ती शांत होते, म्हणाली.
एकाने मला शेपूट धरायला सांगितलं
आणि मी धरलं, युनिफॉर्मसकट.
थंड नव्हती.
हे घरी कुणाला पटलं नाही.
दुपारच्या टाकीतल्या पाण्याइतकी कोमट होती.
रडली वगैरे नाही.
एकदाच श्वास सोडला, प्रेशर कुकर उतरवतात तसा,
आणि टेम्पोत गेली,
आमच्यापेक्षा जुन्या पत्त्यावर.

आता नवे मीटर येताहेत. स्वतःच स्वतःला वाचणारे.
पेटीला रबर, सील, फट म्हणून नाही.
खासगीवाल्यांच्या बोळात बसवणारा मुलगा
पटाशीने मागची भिंत खरवडायला लागला
तेव्हा म्हटलं, थांब जरा,
आणि जुनी पेटी आहे तशी मागून घेतली,
भंगाराच्या पावतीवर सही करून.

ती आमच्या गॅलरीत टांगली आहे.
वायर नाही. आकडा ४८३१७ वर थांबलेला.
ऊब म्हणजे तीननंतरचं ऊन, मिळेल तेवढं.
रोज सवयीने टकटक करतो.
काल खाली फरशीवर
मोहरीएवढं काळं काहीतरी, टोकाला पांढरं.
सुलभा फडकं घेऊन आली.
म्हटलं, राहू दे आजच्या दिवस,
रीडिंग आहे ते.