दोन फरश्या

अंबडच्या कंपनीत मी पॅनल वायर करते.
लोखंडी कपाटाएवढा डबा, त्यात
तीनशे चौदा वायरी, प्रत्येकीच्या गळ्यात नंबर,
एकीनेही दुसरीवर आडवं पडायचं नाही.
पहिल्याच आठवड्यात गायधनी सर म्हणाले होते,
डबा भरता येणं ही अर्धी कला, ताई.
वीस टक्के मोकळं सोडायचं.
कशासाठी, ते गिऱ्हाइकालाही अजून माहीत नसतं.

घर पाथर्डी फाट्याला. तिसरा मजला, लिफ्ट कागदावर.
तीनशे दहा चौरस फूट.
त्यातलं भिंतींनी किती खाल्लं ते बिल्डर बोलला नाही,
विश्रामने टेप लावून काढलं : अडतीस.
त्या रात्री तो नीट जेवला नाही.

मग लागलो आम्ही कामाला.
पलंगाच्या पोटात गाद्या, गाद्यांच्या घडीत स्वेटर
(थंडी दोन महिने, स्वेटर बारा महिने),
दारामागे इस्त्रीचं टेबल, संध्याकाळी तेच अश्लेषाच्या अभ्यासाचं,
गणिताच्या वहीला कायम किंचित ऊब.
मोठ्या कुकरात छोटा कुकर, त्यात कप, कपात लवंगा.
मखर माळ्यावर, माळ्यावर चढायची शिडी खैरनारांकडे,
त्यांचं पुरणयंत्र आमच्याकडे,
हिशेब कधी झाला नाही.
भांडणंसुद्धा घडीची :
विश्रामची रात्रपाळी लागली की मिटायची,
रविवारी उघडायची, सुरकुत्यांसकट.

तरी खिडकीखालच्या दोन फरश्या मी रिकाम्या ठेवल्या.
तिथे वस्तू ठेवायची नाही.
आणि तिथे जो बसेल त्याला हाक मारायची नाही.
खिडकीतून पांडवलेण्यांचा डोंगर दिसतो,
म्हणजे पाण्याच्या टाकीमागून उरतो तेवढा.
खैरनार वहिनी म्हणाल्या, इथे शू-रॅक मस्त बसेल.
विश्राम म्हणाला, निदान सिलिंडर तरी.
मी म्हटलं, नाही.
पुढे त्याच्या कंपनीने त्याला ब्रेक दिला,
तेव्हा तो तिथेच बसला, बूट न काढता, दिवेलागणीपर्यंत.
मी ओट्याशी उभी राहून चहा प्याले,
बशीचा आवाज न करता.

एप्रिलात सासरे आले विंचूरहून, टेम्पोतून,
सोबत तीन गोण्या उन्हाळ कांदा.
घरचा असताना विकत खाता, म्हणाले, काही वाटतं का?
कांद्याला वारा लागतो. घरात वारा
एकाच जागी येतो. नानांनी बरोब्बर तिथेच ओतला,
हाताने पसरला, दोन कांदे उचलून कानाशी वाजवले, समाधान पावले.
कोणी काही बोललं नाही.
अश्लेषा बाथरूमला कडी लावून बसू लागली,
नळ चालू, बादली कोरडी.
विश्राम जिन्यात फोन लावून कोणाशीच बोलायचा नाही.
मी कंपनीत दोनदा चुकीच्या टर्मिनलला वायर दिली.

पाचव्या दिवशी घमेलं घेतलं.
चार मजले, सोळा दारं,
ज्यांची नावं माहीत नव्हती त्यांनाही.
तळमजल्याच्या वैद्यकाकू कांदा खात नाहीत,
चातुर्मासात नव्हे, कधीच.
त्यांनी जिन्याखालची सायकलची जागा दिली, एका गोणीपुरती,
वर म्हणाल्या, वास आला तर सांगेन.
अजून सांगितलेलं नाही.
उरलेला जाळीच्या पिशव्यांत घालून ग्रिलला टांगला,
रस्त्यावरून आमचं घर आता ओळखू येतं.

फरश्या पुसल्या, लिंबाने, परत एकदा.
नानांना नियम सांगायचा राहूनच गेला.
दुपारी पहिली पाळी संपवून आले, तर ते तिथेच,
पाय दुमडून, डोंगराकडे तोंड.
टोपी काढून मांडीवर ठेवलेली.
सोळा वर्षांत त्यांचं उघडं डोकं मी पहिल्यांदा पाहिलं,
लहान, पांढरं, मधोमध भोवरा.

कुकर लावायचा होता.
शिट्ट्या होतील म्हणून
भात पातेल्यात टाकला,
झाकण जरा तिरकं ठेवून.