तिरपी रेघ

ऑक्टोबरात आमच्या कोर्टावर सोयाबीन वाळायचं.
फ्री थ्रोच्या रेषेपासून पार निंबाच्या सावलीपर्यंत.
झिंगुजी चौकीदार म्हणायचा,
"दोन दिस थांबा ना बे पोट्टेहो, ऊन चांगलं हाये."
दोन दिसांचे पंधरा झाले.
म्हणून सीझन आम्ही अर्ध्या कोर्टात सुरू केला.

मी खेळत नव्हतो. मला दम लागायचा.
अक्षर बरं होतं म्हणून सरांनी पेन दिला.
दोनचा बास्केट, आकड्यावर तिरपी रेघ.
तीनचा असेल तर खेळाडूच्या नंबराला गोल.
गोल मी वर्षभरात चार काढले.

रिंगला जाळी नव्हती.
कुमरेनं घरून बैलाचं मुसकं आणलं,
खालून कापलं, सुतळीनं बांधलं.
बॉल त्यात जरासा अडायचा,
विचार केल्यासारखा,
मग खाली.
अकोल्याच्या जाळीतून तो इतक्या लवकर पडला
की आमचे तिघं चुकला समजून रिबाउंडला उडाले.
लोक हसले. मीही हसलो, टेबलाखाली तोंड घालून.

सहाच जण.
शिंप्यानं नऊ नंबर दोनदा शिवला.
एकाला डॉक्टरपट्टी लावून आठ केला,
तो प्रफुल आडे.
घाम आला की पट्टी सुटायची,
आठाचा पुन्हा नऊ,
आणि पंच मला विचारायचे, "हा कोण?"

पुसदला चोवीसनं हरलो.
वाशीमची टीम आलीच नाही,
वीस-शून्य, नियमाप्रमाणे आमचा पहिला विजय.
सुबोध ठमके म्हणाला, "त्यातले माहे किती लिहितं?"
म्हटलं, कोणाचेच नाही.

कारंज्याला मात्र जिंकलो. एका पॉइंटनं.
शेवटचा फ्री थ्रो मुनाफचा,
रिंगवर दोनदा नाचून आत.
शेवटची एस.टी. गेली होती.
स्टँडवर गार आलुबोंडे खाल्ले,
मुनाफनं बॉल उशाला घेतला
आणि कोणी मागितला तरी दिला नाही.

मग अमरावती.
लाकडी फ्लोअर, वर दिवेच दिवे.
त्यांचे बूट करकर वाजत होते,
आमचे घसरत होते.
पोहोचायला उशीर झाला की हात लागतो,
हात लागला की शिट्टी.
पाचवी फाउल मी लिहायची आणि तो माणूस बाहेर.
राठोड बाहेर गेला, ठमके आत आला.
मग मुनाफ. मग ढोके.
आता आत यायला कोणी नव्हतं.
प्रत्येक जण जाताना पंचांकडे नाही,
माझ्याकडे बघून गेला,
जशी काही शिट्टी माझ्याच तोंडात होती.

चार मिनिटं उरली, आमचे तीन.
ते पाच.
त्यांच्या बाकावरच्या टाळ्या हळूहळू थांबल्या.
सर म्हणाले, "सोडून देऊ का?"
आडे काही बोलला नाही, पट्टी दाबून बसवली.
मग तिघं मागं सरकले
आणि उभे राहिले तसेच,
एक सोयाबीनच्या कडेला,
एक निंबाखाली,
एक जिथून झिंगुजी शिव्या द्यायचा तिथं.
मला दिसत होतं ते सगळं, त्या लाकडावर.

बॉल सुटला, ठमकेच्या बोटाला लागला,
कुमरे पळाला, डाव्या हातानं टाकला.
आत.
यावेळी रिबाउंडला कोणी उडालं नाही.

मी रेघ ओढली. अडतीसवर.
त्यांचे एक्याहत्तर.
हरलेल्यांना कार्बनची सगळ्यात खालची प्रत मिळते,
पुसट, अर्धं अंदाजानं वाचायचं.
ही एक रेघ तिच्यावर फाटेस्तोवर उमटली आहे.

सोमवारी कॉलेजात गेलो तर कोर्ट मोकळं,
झिंगुजी शेवटचे दाणे झाडत होता.
"किती झाले बे?"
"अडतीस."
"कट्टे?"
मी मान हलवली.
"मंग बरे झाले," तो म्हणाला.