सहावी प्रत

शिक्का निळ्या शाईचा, थोडा तिरका:
संदर्भासाठी. बाहेर नेऊ नये.

चिलीत, हुआस्कोच्या खोऱ्यात, अगदी वरच्या अंगाला,
जिथे द्राक्षं उन्हात पसरून मनुका होतात
आणि नदी कधीमधीच नदीसारखी वागते,
तिथल्या वाचनालयात ताऱ्यांचं हे एवढं एकच पुस्तक.
एकच प्रत.
आत मात्र तारे सहाव्या प्रतीपर्यंतचे,
एकाखाली एक, मुंग्यांच्या रांगेसारखे:
नाव, जागा, तेज, रंग.

एदेल्मिरा कांपियाय तेव्हा ग्रंथपाल.
पुस्तक दाराबाहेर जाऊ द्यायची नाही,
आणि तारे तर सगळे दाराबाहेर.
आठवडाभर विचार करून तिने पालिकेला पत्र लिहिलं:
अंगण इमारतीत धरावं का?
उत्तर आलं नाही.
ते तिने होकारात धरलं.

मग दर गुरुवारी रात्री अंगणात टेबल,
टॉर्चच्या काचेवर लाल जिलेटिनचा कागद,
आणि पुस्तक, सुतळीने टेबलाच्या पायाला बांधलेलं,
शेळीसारखं.

छापलेलं उत्तरेकडच्या कुठल्याशा शहरात.
त्यातला मृग चारी पायांवर नीट उभा.
आमच्या डोंगरावर तोच पाठीवर पडलेला.
समासात कुणीतरी लिहिलंय, पुस्तक उलटं धरा.
खाली वेगळं अक्षर:
किंवा स्वतः उलटे व्हा.
दक्षिणेच्या आकाशाला शेवटची तीन पानं,
निघायची घाई झालेल्या पाहुण्याने
अंधारात चपला शोधाव्यात तशी लिहिलेली.

पुस्तकात खुणा करू नयेत, अशी पाटी भिंतीवर होती.
अंगणाला भिंत नव्हती.
जो तारा नुसत्या डोळ्यांनी दिसला
त्याच्यापुढे मऊ पेन्सिलीचा एक ठिपका,
एवढी सूट एदेल्मिराने दिली.
ओलेगारियो टांबलायला वाचता येत नव्हतं.
तो बोट दाखवायचा, ती रकान्यात शोधायची.
सहाव्या प्रतीचे बहुतेक ठिपके त्याचे.
त्याच्या शेळ्या कधी हरवल्या नाहीत म्हणतात.

माझे ठिपके हिरवे, तेराव्या वर्षापासूनचे.
पान उलटत गेलं की कळतं
सहाव्या प्रतीपुढचा समास कुठल्या साली कोरा झाला,
मग पाचवीपुढचा.
वर खाण सुरू झाली होती.
पूर्वेला रात्रभर नारिंगी उजेड,
पहाट व्हायची राहून गेल्यासारखा.
पगार चांगला होता.
दोन वर्षं मीही तिथे खांबांवर चढून
गेलेले दिवे बदलत होतो.
हे पुस्तकात कुठे नाही, म्हणून इथे सांगतो.

भूकंप मंगळवारी झाला. गुरुवार नव्हता.
वीज खोऱ्यातली गेली, खाणीवरचीही.
सगळं गाव घोंगड्या घेऊन अंगणात.
एदेल्मिरा आली, वय ऐंशीच्या पुढे,
एका पायात चप्पल, आणि पहिला प्रश्न:
पुस्तक?

मी आत गेलो. कपाटं तोंडावर पडलेली.
टेबल उभं होतं.
सुतळी दातांनी तोडली.
बाहेर नेऊ नये, हे शिक्क्यावर वाचलं देखील.
पण इमारत कुठे संपते
हे त्या रात्री कुणालाच सांगता आलं नसतं.

तिच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू.
मी वाचत होतो, ती मान हलवत होती.
त्रिशंकूजवळ तो काळा डाग आहे ना,
त्याच्या काठावर एक, सहाव्या प्रतीचा. दिसतो?
मला दिसला नाही.
नाकात बोट घालून उभी असलेली
सहा वर्षांची मिलेनका म्हणाली, तो काय.
आणि दुसरं बोट वर केलं.
एदेल्मिराने चाचपत पेन्सिल घेतली.
ठिपका एका ओळीने खाली पडला.
मी तो खोडला नाही.

चार वाजून दहा मिनिटांनी वीज आली.
सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या.
मीही.

पुस्तक आता पुन्हा टेबलावर आहे.
सुतळी आणायची राहिली आहे.