दुरुस्ती पाच रुपये पान

मिलकॉर्नरला आता मिल नाही.
कंडक्टर ओरडतो, माणसं उतरतात, एवढंच.
हुसामला ह्याचं फार नवल.
त्याच्या शहराचं नाव महल्ला. तिथं मिल आहे,
मिलच्या सूतखात्यात त्याची मावशी,
जिनं सहाच्या डिसेंबरात मशीन बंद केलं
आणि शेजारच्या शेडमध्ये जाऊन विचारलं,
बाया आल्या, बाप्ये कुठंयत?

त्याचा प्रबंध मी टाइप केला,
टाऊन हॉलच्या उतारावर, माझ्या दुकानात.
इंग्रजी पान बारा रुपये. दुरुस्ती पाच.
पहिलं प्रकरण राजाचं:
बावन्नच्या जुलैत बोटीत बसून गेला, तोफांची सलामी घेऊन.
मी म्हटलं, आमचा कुठं गेला?
पोलीस ॲक्शन झाली, नि पुढं त्यालाच राजप्रमुख केला,
छप्पनपर्यंत.
हुसाम म्हणाला, ही तळटीप होईल.
झाली नाही. गाइड नको म्हणाले.

दुसरं जमिनीचं.
फेद्दान म्हणजे एकराहून बोटभर जास्त,
दोनशेच्या वर कुणी ठेवायची नाही, असा कायदा.
मी टाइप करत होते आणि डोक्यात
आज्यानं कसलेलं दीड एकर गायरान,
सातबाऱ्यावर अजून सरकारच उभं.
कालव्याचं प्रकरण भराभर उरकलं.
मग पावाचं. सत्त्याहत्तर साल,
वाढवलेला भाव दोन दिवसांत खाली आणला लोकांनी.
त्या दुपारी मी डबा उघडलाच नाही. उगाच.

निष्कर्ष डिसेंबरात दिला होता.
पहिलं वाक्य : लोक थकले आहेत.
जानेवारीच्या अठ्ठावीसला घरी फोन लागेना,
दिवसभर बाकावर बसून राहिला,
तेच बटण दाबत.
फेब्रुवारीतल्या एका शुक्रवारी रात्री, शटर अर्धं पाडलेलं,
वाकून आत आला. हातात इमरतीचा पुडा.
म्हणाला, पहिलं वाक्य खोडा.

चौकाचं नाव तहरीर.
मी बेगमपुऱ्यात वाढलेली. माझ्यासाठी तहरीर म्हणजे लिखाण,
निजामाच्या काळातल्या पिवळ्या कागदांवरचं,
जे वाचून घ्यायला आजा कुणाकुणाच्या पाया पडला.
हुसाम म्हणाला, आमच्यात मुक्ती.
पुडा मध्ये ठेवून आम्ही दोघं
बराच वेळ त्या एका शब्दापाशी.

वडील दुपारचे दुकानात यायचे, दादाराव,
लाँगमार्चच्या फोडांचे वण अजून टाचेला.
हुसामनं विचारलं, विद्यापीठाच्या नावासाठी सोळा वर्षं,
मग जिंकलात?
मागितलं नामांतर, ते म्हणाले, मिळाला नामविस्तार.
चहा बशीत ओतला, फुंकला.
जिंकलो की.
मी सगळं हिंदीत सांगितलं,
‘की’ तेवढा राहिला.

बाराच्या उन्हाळ्यात निष्कर्ष पुन्हा :
रांग, पेटी, मावशीचं शाईचं बोट.
तेराच्या जुलैत पुन्हा.
ऑगस्टात आला तेव्हा कागद नव्हता हातात.
उभ्यानं सांगितलं,
‘ह्या दिवशी मेले’, त्याच्या पुढं जागा सोडा.
किती?
आत्ता माहीत नाही. सोडा.

मग व्हिसा, मग गाइड रिटायर, मग एक दिवस
खोलीवरची गादी शेजारच्या येमेनी पोरांना देऊन गेला.
दोनशे दहा रुपये बाकी, ते वहीत आहेत, मागणार नाही.

फाइल आहे. निष्कर्ष फायनल चार.
कॉम्प्युटर दोनदा बदलला, ती उचलून आणली.
कधी उघडते.
सोडलेल्या जागेत कर्सर लुकलुकत राहतो,
चार अंक मावतील, पाचही मावतील.
बाई, आधारची झेरॉक्स, कुणीतरी म्हणतं.
दोन्ही बाजू? मी विचारते.