वापरात: एक

पाणी उतरलं, आयर्विनवरचा आकडा चाळिसाच्या खाली आला,
तेव्हा सांगलीवाडीच्या आमच्या शाळेत
भिंतीवर सातवीतल्या पोराच्या खांद्याएवढी रेघ होती
आणि रेघेखाली सगळं एकाच रंगाचं:
बाक, नकाशे, खिचडीचं पातेलं,
वाचनपेटी.

पेटीत गोष्टीरूप इतिहासाच्या अठरा प्रती.
पोरांनी व्हरांड्यात सुतळी बांधून वाळत घातल्या,
अर्ध्या अलीकडं, अर्ध्या पलीकडं,
वटवाघळं लटकावीत तशा.
आठवडाभर ऊन धड पडेना.
सन्मती चौगुलेनं घरून इस्त्री आणली, कोळशाची.
पान सुटलं तर सुटलं.
नाही सुटलं तिथं शतकं चिकटून बसली.

मग धडा असा वाचावा लागे:
गडाखाली मशाली विझवल्या, दोर वर फेकला,
पहिला गडी कडा अर्धा चढला, आणि
पान उलटलं की
रुळांवर दगड रचून
खादीची माणसं ज्वारीत दबा धरून बसलेली.
हसू यायला हवं होतं. कुणी हसलं नाही.
पृथ्वीराज ऐवळेनं बोटांवर हिशोब केला,
"बाई, पावणेतीनशे वर्सं त्यो दोरालाच लोंबत होता?"

एका प्रतीत ओळ नेमकी इथं तुटली:
त्याने म्यानातून तलवार उपसली आणि
पुढं गाळ. काळा, वाळून भेगाळलेला.

म्हटलं, आता पुढचं तुम्ही सांगा.
कुणी दहा मारले, कुणी शंभर,
खिडकीकडच्या रांगेनं अख्खी फौज गारद केली.
मुस्तकीम शिकलगारची पाळी शेवटी आली.
उभा राहिला, चड्डी वर ओढली,
"पण बाई, उपसंल कशी?
चार म्हैनं पावसात भिजल्यावर ती म्यानातच धरती.
आधी कुणीतरी तिचा गंज काढला आसणार,
धार लावली आसणार.
त्येचं नाव हाय का पुस्तकात?"

मी अनुक्रमणिका पाहिली.
खरंच पाहिली, वरून खाली, बोट फिरवत.

त्याचा बाप पुलाच्या तोंडाशी
सायकलला चाक जोडून बसतो.
कात्र्या, विळ्या, हंगामात ऊसतोडीचे कोयते.
जुनं चाक पुरात गेलं, हे उसनवारीचं.
शनिवारी सकाळची शाळा सुटल्यावर घरची विळी नेली.
ठिणग्या त्याच्या अनवाणी पायावर पडत होत्या,
त्याला त्याचं काही नव्हतं.
विचारलं, तुमच्यात पूर्वी तलवारी…?
"आज्जा सांगायचा काय काय.
खरं किती, खोटं किती, म्हाईत न्हाय बाई.
दगडाला लोखंड लावलं की आवाज येकच.
तलवार आसू दे, न्हायतर विळी."
अंगठ्यानं धार पाहिली. वीस रुपये घेतले.

फेब्रुवारीत नव्या प्रती आल्या, गुळगुळीत.
त्यांत तलवार उपसली जाते
आणि पुढचं वाक्य लगेच हजर असतं.
पोरं वाचतात, खणखणीत वाचतात,
फक्त त्या ओळीआधी थांबतात
आणि शेवटच्या बाकावरून बारीक आवाज येतो,
श्श्श्श, श्श्श्श,
दातांतून काढलेला.
आता अख्खा वर्गच काढतो.
शेजारच्या वर्गाचे गुरुजी एकदा डोकावून गेले,
साप निघाला म्हणून.

मार्चअखेर साठा नोंदवही पुढ्यात आली.
बाद होण्याचे कारण: पूर.
नग: सतरा.
खालच्या ओळीत मी लिहिलं, वापरात: एक.

केंद्रप्रमुखांनी ते एक मागितलं.
फुगून दुप्पट झालेलं, बंदच होत नाही,
उघडलं की अजून नदीचा वास.
"हे? वापरात?"
हो म्हटलं.
त्यांनी दोन पानं सोडवायचा प्रयत्न केला,
मग सही केली
आणि बोटाला लागलेला गाळ
रुमालाला पुसला.